नावनची वकिलात

आमचा शेजारी कचऱ्याचा डबा फाटकाबाहेर ठेवतो आणि घरात जाताना उलटा चालतो. तोंड रस्त्याकडं, पाठ दाराकडं. दोन पावलं मागं जायचं, टोपी काढायची, कमरेतून वाकायचं, टोपी परत डोक्यावर ठेवायची, पुन्हा दोन पावलं मागं. असं तीन वेळा. मग ढुंगणानं दार ढकलून आत. दार मोठ्यानं कुरकुरतं. पाऊस असला तरी यात काही कमी होत नाही. टक्कल भिजतं, नाकावरून थेंब गळतो, पण गडी वाकतो.

मी पहिल्यांदा हे खिडकीतून पाहिलं तेव्हा मला काही नवल वाटलं नाही. देवळातून निघताना आपण तरी देवाला पाठ दाखवतो का? चार पावलं उलटं जातो, मगच वळतो. मी समजलो, या लोकांचा देव हिरवा आहे आणि त्याला खाली चाकं आहेत. असेल बुवा. परमुलखात आलेल्या माणसानं दुसऱ्याच्या देवाला नावं ठेवू नयेत. मग फिरायला निघालो आणि डबा दिसला की मीही त्याला हात लावून कपाळाला लावायचो. एकदा ते मुलीनं पाहिलं.

"अण्णा! कचऱ्याचा डबा आहे तो!"

"मग? तो बाबा वाकतो त्याचं काय?"

मुलगी हसत हसत जिन्यावरच बसली. मी हसलो नाही. केलेला नमस्कार मी परत घेत नाही.

मी सुतार. कराडच्या अलीकडं आमचं गाव. शाळा चौथीपर्यंत, तीही मास्तरांना पाट करून दिला म्हणून. लेकीच्या घरी जाऊन राहणं आमच्यात कमीपणाचं. पण शुभांगीनं तिकीटच पाठवलं, आणि काढलेलं तिकीट वाया घालवणं त्याहून कमीपणाचं. म्हणून मी आयर्लंडात, नावन नावाच्या गावात. डब्लिनपासून बसनं तासाभरावर. जावई सकाळी त्या बसनं जातो, शुभांगी माडीवर बसून कॉम्प्युटरशी बोलते. नातू मराठी सगळी समजतो आणि उत्तर इंग्रजीत देतो, तेही इथल्या हेलात. मी म्हणतो, "बाळा, जेवलास का?" तो म्हणतो, "आयम ग्रँड, अण्णा." ग्रँड म्हणजे बरं आहे. इथं पाऊस ग्रँड, चहा ग्रँड, पाय मोडला तरी ग्रँड.

तर शेजारी. त्याचं नाव बर्नर्ड, बर्नी म्हणतात. वयानं माझ्याच बरोबरीचा. जन्मभर बस चालवली. बस रिव्हर्स घेतली नसेल तेवढा आता स्वतः उलटा चालतो. आळीतले लोक त्याला अँबॅसेडर म्हणतात. मी शुभांगीला विचारलं, "गाडीचं नाव का ठेवलं गं त्याला?"

"अण्णा, अँबॅसेडर म्हणजे राजदूत."

"ती पण गाडीच. आपल्या सरपंचाची फटफटी."

मग तिनं नीट सांगितलं. एका राजाचा माणूस दुसऱ्या राजाच्या दरबारात राहतो तो. म्हटलं, असं सांग की वकील. पेशव्यांचे नव्हते का वकील, निजामाकडं, इंग्रजांकडं? तेव्हापासून मी त्याला वकीलसाहेब म्हणू लागलो.

पण वकील तो स्वतः नव्हे. वकील होता डॉन बर्नार्दो. डॉन म्हटल्यावर मला वाटलं कुणी गुंड. तर नाही, स्पेनमध्ये सरदाराला डॉन म्हणतात. हा डॉन दोन-अडीचशे वर्षांपूर्वी याच मीथ जिल्ह्यातून पोरवयात पळाला, दारूच्या पिंपात बसून जहाजानं स्पेनला पोचला. तिथं शिपाई झाला, सरदार झाला, मग राजाचा वकील होऊन थंड थंड मुलखांत राहिला. घरी कधी परत आला नाही. बर्नीनं त्याच्यावरचं एक जाडजूड पुस्तक लायब्ररीतून आणलं होतं. स्पॅनिश पुस्तक. ते वाचायला म्हणून म्हातारपणी तो स्पॅनिश शिकला. नाव सारखं म्हणून डॉन आपला पूर्वज, असं तो सांगायचा. आणि ते उलटं चालणं? राजापुढून जाताना पाठ दाखवायची नाही, असा तिथला रिवाज. "प्रोटोकॉल!" तो बोट वर करून म्हणायचा. भांडी घासताना प्रोटोकॉल, कुत्रं भुंकलं तरी प्रोटोकॉल.

डॉनचं सांगताना तो सारखा म्हणे, "युअर मॅन." युअर मॅननं असं केलं, युअर मॅन तसं बोलला. मला एवढं इंग्रजी कळतं. मी शुभांगीला म्हटलं, "त्याला सांग, माझा माणूस नाही तो. आमच्या भावकीत कुणी पिंपात बसलेलं नाही." ती म्हणाली, अण्णा, इथं कुणालाही युअर मॅन म्हणतात. म्हणोत. पण आपला नसलेला माणूस कुणी आपल्या गळ्यात बांधला की मला राग येतो.

आमची खरी गाठ पडली ती बिजागरीमुळं. एके दिवशी तो दारात येऊन म्हणाला, प्रेस मोडली. मला वाटलं इस्त्री. म्हटलं, ते धोब्याचं काम. शुभांगी माडीवरून ओरडली, "अण्णा, इथं कपाटाला प्रेस म्हणतात!" कपाट म्हटल्यावर मी उठलोच. त्याच्या स्वयंपाकघरात गेलो, दार हलवून पाहिलं आणि सवयीनं म्हटलं, "बिजागरी गेली."

वकीलसाहेब थबकला. "बिसाग्रा?"

"बिजागरी," मी बोट लावून दाखवलं.

"बिसाग्रा!" तो ओरडला. "एस्पान्योल!"

मग त्याला जो चेव आला! टेबलावर थाप मारून म्हणाला, "मेसा!" मी म्हटलं, "मेज." बादली उचलली, "बाल्दे!" साबण दाखवला, त्याला तो म्हणतो हाबोन. पगार देण्याला तो पागार म्हणतो, पिंपाला पिपा. दोन म्हातारे स्वयंपाकघरात बादली आणि साबण घेऊन एकमेकांवर ओरडतायत, ते पाहून शुभांगी मीटिंग सोडून धावत आली. तिला वाटलं भांडण लागलं. मग ती म्हणाली, अण्णा, पोर्तुगीज लोक गोव्याला आले, हे शब्द त्यांनी आणले. पोर्तुगीज आणि स्पॅनिश शेजारी-शेजारी. म्हटलं, आम्हीपण शेजारी-शेजारीच आहोत.

शेवटी त्यानं माझ्याकडं बोट करून विचारलं, तू कोण? मी छातीवर हात ठेवून म्हटलं, "मिस्त्री."

तो एकदम सरळ उभा राहिला. टोपी काढली, वाकला. "माएस्त्रो!"

शुभांगीनं सांगितलं, तिकडं मोठमोठ्या गवयांना, चित्रकारांना माएस्त्रो म्हणतात. ही पुण्यात राहायची तेव्हा हिच्याच सोसायटीत मला वॉचमननं विचारलं होतं, "मिस्त्री का? मग मागच्या गेटनं या." आता बोला. शब्द तोच. मागच्या गेटनं निघाला आणि आयर्लंडात पुढच्या दारानं आत आला.

पुढच्या दाराचंही सांगतो. काम झाल्यावर त्याचा कुत्रा बाहेर पळाला, आम्ही त्याला धरून आणलं आणि दोघं दाराशी आलो. तो म्हणाला, तुम्ही आधी. मी हातानं खूण केली, घरधन्यानं पुढं व्हावं. तो म्हणाला, पाहुण्यानं. मी हललो नाही. तोही हलला नाही. पाऊस सुरू झाला. कुत्रा केव्हाच आत जाऊन पुसून घेतल्यासारखा गादीवर बसला. वकीलसाहेब पावसातच मला गोष्ट सांगू लागला, मी अर्धी हातवाऱ्यांनी समजलो, अर्धी नंतर शुभांगीकडून. डॉन बर्नार्दो आणि दुसऱ्या राजाचा वकील एकदा असेच दारात आले. आधी कोण? जो मागं राहील त्याच्या राजाची नाचक्की. दोघं उभेच. आत जेवण थंड झालं. शेवटी सुतार बोलावला आणि शेजारी दुसरं दार पाडलं, मग दोघं एकाच वेळी आत गेले.

सुतार बोलावला, हे मला फार आवडलं. पण इथं सुतार मीच आणि हत्यारं आत. मग आम्ही दोघं आडवे होऊन, कपाट नेतात तसे, पोटाला पोट घासत एकदमच घुसलो. दार कुरकुरलं. मी बिजागरी पाहिली. वाकलेली, स्क्रू निम्मे बाहेर. मी पेचकस काढला, तर त्यानं माझा हात धरला.

"नो, माएस्त्रो. लीव्ह इट."

कुरकुरतं दार पाहिलं की माझे दात शिवशिवतात. मी तीनदा हात घातला, त्यानं तीनदा धरला. मी रागावून घरी आलो आणि दोन दिवस त्याच्याशी बोललो नाही. तिसऱ्या दिवशी तोच पाव घेऊन आला. पावाला तो पान म्हणतो, म्हणजे जवळपास आपलाच शब्द, त्यामुळं राग टिकला नाही.

मी घराबाहेर टोपीशिवाय पडत नाही. पांढरी, कडक इस्त्रीची. इथल्या लोकांचं उलटं. मान द्यायचा तर टोपी काढायची. आमच्यात उघड्या डोक्यानं कुणापुढं गेलो तर विचारतील, घरात काय झालं? मी चर्चच्या दारात टोपी काढली नाही म्हणून शुभांगी लाजली. पण वकीलसाहेब खूष. म्हणाला, स्पेनच्या राजापुढं सगळे उघड्या डोक्यानं उभे राहायचे. अगदी थोर सरदार, म्हणजे ग्रँडी, असला तर राजा स्वतः म्हणायचा, "कुब्रीओस." म्हणजे डोकं झाका. टोपी घालून राजापुढं उभं राहायचं, त्याहून मोठा मान नाही. "यू आर अ ग्रँडी, माएस्त्रो!"

"आणि डॉनला मिळाला का हा मान?"

वकीलसाहेबानं मान हलवली. जन्मभर राजाची कामं केली, पण राजाच्या तोंडून तेवढा एक शब्द आला नाही. एवढं सांगून तो बराच वेळ चहा ढवळत बसला. साखर तर तो घेतच नाही.

मे महिन्यात एक दिवस तो अंघोळ करून, भांग पाडून आला. जेवढे केस होते तेवढ्यांचा. शुभांगीला समोर बसवून म्हणाला, जूनमध्ये स्पेनहून वकिलात येणार. माएस्त्रोनं एक खुर्ची करून द्यावी. हातांची, मानाची. स्वागत नीट झालं पाहिजे. "एकच भेट आहे. बिघडली तर ते पुन्हा येणार नाहीत." हे सांगताना त्यानं प्रोटोकॉल म्हणून बोट वर केलं, पण ते खाली घ्यायला विसरला.

मी समजलो, सरकारी काम आहे. त्याच्या शेडमध्ये इथलं ओकचं लाकूड होतं. चिवट, माझ्यासारखं. म्हटलं, माप? त्यानं गुडघ्याच्या जरा खाली हात धरला.

"बैठक इथं?"

"इथं."

"अहो वकीलसाहेब, माणूस बसला तर गुडघे कानाला लागतील!"

त्यानं हात तिथंच ठेवला. मी वीतभर वर नेला, त्यानं खाली आणला. मी वर, तो खाली. चुकीच्या मापाचं काम मी आयुष्यात केलं नाही, आणि राजाच्या माणसाला पाटावर बसवून माझी अब्रू घालवणार नव्हतो. शेवटी मी करवत खाली ठेवली. "शुभे, विचार याला. वकील बुटका आहे का?"

शुभांगीनं विचारलं. तो हसला आणि मग हसता हसता थांबला.

"हो," म्हणाला. "बुटकी आहे. सहा वर्षांची आहे. माझी नात."

मग त्यानं सगळं सांगितलं. शुभांगी हळूहळू मराठीत करत गेली. त्याला एकच मुलगा, कॉनर. बापानं त्याच्यासाठी बस डेपोत शब्द टाकून नोकरी ठरवली होती. पोरगा म्हणाला, मला स्पेनला जायचंय, तिथं मुलगी आहे. खूप वाजलं. निघायच्या दिवशी पोरगा फाटकाशी टॅक्सीत बसत होता, आई तिथं उभी होती, आणि वकीलसाहेबानं पाठ फिरवली, आत गेला आणि दार असं आपटलं की बिजागरी वाकली. तीच ती. पुढं बायको होती तोवर फोन तिला यायचे. ती गेली. आता सुनेनं कळवलं होतं, एका दिवसापुरती नातीला घेऊन येते. कॉनर म्हणतोय, मी इतक्यात नाही. आणि नातीला इंग्रजी येत नाही.

"मग तो डॉन?" मी विचारलं. "तुझा पूर्वज?"

त्यानं खांदे उडवले. "लायब्ररीत स्पॅनिशमधलं तेवढंच एक पुस्तक होतं."

मी करवत उचलली आणि त्यानं सांगितलं त्या मापावर बैठकीची खूण केली. बोटभर आणखी खाली घेतली, म्हणजे पोरीचे पाय लोंबकळणार नाहीत. खुर्ची झाली तेव्हा तो स्वतःच पेचकस घेऊन आला, माझ्या हातात दिला आणि पुढच्या दाराकडं पाहत उभा राहिला. मी नवी बिजागरी बसवली. तेल घातलं. दार असं फिरलं, जसं पाण्यात.

पण माझ्या मनात पाल चुकचुकत होती. महिनाभर वकीलसाहेब परसात कपडे वाळत घालायच्या दोरीपुढं उभा राहून स्वागताचं भाषण घोकत होता. शुभांगीच्या ऑफिसात एक स्पॅनिश मुलगी आहे, तिला हिनं ते फोनवर ऐकवलं. ती म्हणाली, असं तर आता कुणीच बोलत नाही, हा तर नातीला 'आपली कृपादृष्टी असावी, महाराज' म्हणतोय. शुभांगी म्हणाली, सांगूया का त्यांना? मी म्हटलं, आता दोन दिवसांत नवी भाषा कुठून आणणार? राहू दे.

तो दिवस आला. बारीक पाऊस. वकीलसाहेबाच्या अंगावर लग्नातला कोट, मी नवी टोपी घालून आमच्या बाजूच्या कुंपणाशी, कराडचा वकील म्हणून. शुभांगी माझ्या शेजारी. गाडी फाटकाशी थांबली. सून उतरली, इनेस तिचं नाव. तिच्या मागं लुसिया, आईचा कोट मुठीत धरून. नाक थेट आजोबाचं, बिचारीचं.

वकीलसाहेबानं टोपी काढली. वाकला. भाषण सुरू झालं. आवाज मोठा, दरबारी, हात हवेत. दुसऱ्या वाक्याला सून ओठ चावू लागली. तिसऱ्या वाक्याला पोरीनं गाडीच्या दाराची मूठ धरली आणि आईला काहीतरी म्हणाली. मला स्पॅनिश येत नाही. पण 'आई, चल' हे कुठल्याही भाषेत कळतं. त्यालाही कळलं. भाषण अर्ध्यावर तुटलं. तो नुसता उभा. टोपी हातात, टकलावर पाऊस.

मग त्यानं जे येत होतं तेवढंच केलं. दोन पावलं मागं गेला आणि वाकला. आणखी दोन पावलं, पुन्हा वाकला.

पोरगी बघत राहिली. मग आईच्या मागून बाहेर आली. दोन पावलं मागं गेली आणि वाकली.

तो वाकला. ती वाकली. तो मागं, ती मागं, मधलं अंतर वाढतच चाललं. असं वाढत गेलं तर ही डब्लिनला पोचेल, असं मला वाटायला लागलं. तेवढ्यात तिलाच हसू फुटलं आणि ती धावत त्याच्याकडं गेली. तो वाकलेलाच होता. तिनं त्याच्या हातातली टोपी ओढून घेतली, दोन्ही हातांनी त्याच्या डोक्यावर बसवली, कानापर्यंत खाली ओढली आणि दटावून म्हणाली, "पोन्तेला!"

इनेसनं इंग्रजीत सांगितलं, शुभांगीनं मला. "घाल ती, म्हणतेय. भिजशील."

वकीलसाहेब सरळ झालाच नाही. मला वाटलं कंबर धरली, आमच्या वयात धरते. मी कुंपण ओलांडायला निघालो. शुभांगीनं माझी बाही धरली. "अण्णा, थांबा." मग मी पाहिलं, त्याचे खांदे गदगदत होते, आणि थांबलो.

खुर्चीत लुसियाचे पाय बरोबर जमिनीला टेकले. हे मी स्वतः जाऊन पाहिलं. तिनं आजोबाला समोर जमिनीवर बसवलं आणि घरातल्या एकेका वस्तूचं नाव विचारून घेतलं, चुकलं की हसून टाळी वाजवायची. मेज, बादली आणि साबण मलाही आले.

संध्याकाळी निघताना इनेस म्हणाली, कॉनरनं विचारलंय, कसं झालं ते सांग. काय सांगू? वकीलसाहेब विचारात पडला. आता लांबलचक भाषण येणार म्हणून मी एका पायावरून दुसऱ्या पायावर भार घेतला. पण तो एवढंच म्हणाला, "त्याला सांग, दार आता कुरकुरत नाही."

गाडी वळणावर दिसेनाशी झाली तरी तो रस्त्याकडं तोंड करून उभा होता. मग उलटा चालत घरात गेला.

कॉनर अजून आलेला नाही. फोन येतात म्हणे, रविवारी, थोडा वेळ. परवा कचऱ्याचा दिवस होता. वकीलसाहेबानं डबा बाहेर ठेवला, दोन पावलं मागं गेला, वाकला, पुन्हा मागं, पुन्हा वाकला, आणि पाठीनं दार ढकललं. बिलकूल आवाज झाला नाही. पाऊस होता. फक्त आता तो टोपी काढत नाही.